समुद्री गोगलगायी मोजायच्या कशाला? 'नोंद नाही' आणि 'प्राणी नाही' यातला फरक

पावसाळ्यात वडगाव मावळमध्ये गोगलगाय दिसणं ही काही बातमी नाही. भाताच्या बांधावर, ओल्या भिंतीवर, अंगणाच्या पायरीवर ती असतेच. पाठीवर शंख असेल तर शेतकरी तिला शंखी म्हणतात, नसेल तर शेंबी. २०२२ च्या खरिपात लातूर, बीड आणि तेव्हाच्या उस्मानाबाद जिल्ह्यात शंखी गोगलगायींनी सोयाबीनची कोवळी रोपं फस्त केली. तेव्हा पंचनामे झाले, मदतीची मागणी झाली, गोगलगाय कुठल्या तालुक्यात किती आहे हे सरकारला मोजावं लागलं.

तिची समुद्रातली बहीण मात्र कुणाचं पीक खात नाही. त्यामुळे तिला मोजायची सक्ती कुणावर नाही. ती दिसते ती थेट रीलमध्ये. हिरव्या पानांची शाल पांघरलेली 'लीफ शीप', किंवा निळ्या पंखांची 'ब्लू ड्रॅगन'. डिसेंबर २०२३ मध्ये मिचाँग चक्रीवादळानंतर चेन्नईच्या किनाऱ्यावर ब्लू ड्रॅगन वाहून आले तेव्हा त्यांचे व्हिडिओ महाराष्ट्रातही भरपूर फिरले. पण घाट उतरून दोन-तीन तासांवर असलेल्या आपल्याच किनाऱ्यावर अशा गोगलगायी आहेत, त्यातल्या एकीच्या नावात तर चक्क 'बॉम्बे' आहे, हे फारसं कुणाला ठाऊक नसतं.

मावळचं पाणी दोन्ही समुद्रांना जातं, हा योगायोग इथे उपयोगी आहे. वडगावजवळून वाहणारी इंद्रायणी भीमेला मिळते, भीमा कृष्णेला, आणि कृष्णा बंगालच्या उपसागराला. लोणावळा-खंडाळ्याच्या कड्यावरून पश्चिमेला पडणारं पाणी उल्हास नदीतून वसईच्या खाडीत उतरतं. आणि गेल्या काही वर्षांत या दोन्ही बाजूंच्या किनाऱ्यांवर विज्ञानाला अगदी नव्या असलेल्या समुद्री गोगलगायी सापडल्या आहेत. २०२० मध्ये पश्चिम किनाऱ्यावरच्या क्रॅटेना गटातल्या दोन नव्या प्रजातींचं वर्णन प्रसिद्ध झालं, त्यातल्या एकीला कच्छच्या आखातातल्या पोशित्रा गावाचं नाव मिळालं. मार्च २०२४ मध्ये भारतीय प्राणी सर्वेक्षण विभागाने, म्हणजे झेडएसआयने, पश्चिम बंगालच्या दिघा आणि ओडिशाच्या उदयपूर किनाऱ्यावर सापडलेली आणखी एक नवी प्रजाती जाहीर केली. राष्ट्रपती द्रौपदी मुर्मू यांच्यावरून तिचं नाव मेलानोक्लॅमिस द्रौपदी. लांबी जेमतेम सात मिलीमीटर.

दिघा हे काही निर्मनुष्य बेट नाही. बंगाली माणसासाठी ते तेच आहे, जे पुणेकरांसाठी अलिबाग. लाखो पाय ज्या वाळूवर पडतात तिथे २०२४ पर्यंत एक आख्खी प्रजाती नावाशिवाय राहत होती. मग प्रश्न असा येतो की अलिबाग, मुरूड, रत्नागिरी, वाढवणच्या खडकांवर काय काय आहे, आणि ते कोण लिहून ठेवतंय?

ही नेमकी आहे तरी काय?

'सी स्लग' हे ढोबळ नाव आहे. शंख हरवलेल्या, किंवा अगदी नावापुरता उरलेल्या समुद्री गोगलगायींच्या अनेक गटांना मिळून ते वापरतात. त्यातला सगळ्यात रंगीत आणि प्रसिद्ध गट म्हणजे नुडिब्रँक. यांचे कल्ले शरीराच्या बाहेर, उघड्यावर असतात. जगभरात या एका गटाच्याच सुमारे ३,००० प्रजातींचं वर्णन झालेलं आहे.

शंख नाही म्हटल्यावर संरक्षणाचं काय? इथे या प्राण्यांनी केलेले उद्योग थक्क करणारे आहेत. काही जाती समुद्रफुलांसारखे डंख मारणारे प्राणी खातात आणि त्यांच्या डंखाच्या पेशी न पचवता स्वतःच्या पाठीवरच्या बोटांसारख्या भागांत साठवतात. म्हणजे शत्रूची काडतुसं खिशात. ब्लू ड्रॅगन हेच करतो, म्हणून तो वाळूत पडलेला दिसला तरी हातात घ्यायचा नसतो. काही जाती स्पंज खातात आणि त्यातली विषारी रसायनं अंगात मुरवतात; त्यांचे भडक रंग ही खाणाऱ्याला दिलेली ताकीद असते. एलिसिया गटातल्या गोगलगायी शेवाळातली हरितलवकं शोषून घेतात आणि ती काही काळ अंगात शाबूत ठेवतात.

माणसालाही यांचा उपयोग झालेला आहे. समुद्री ससा म्हणून ओळखल्या जाणाऱ्या अप्लिसियाच्या मज्जापेशींवर काम करून एरिक कँडल यांनी स्मरणशक्ती कशी घडते ते दाखवलं, त्यांना २००० सालचं नोबेल मिळालं. हिंदी महासागरातल्या डोलाबेला या जातीत सापडलेल्या रसायनाच्या धाग्यावरून पुढे हॉजकिन लिम्फोमा या कर्करोगावरचं एक औषध तयार झालं, त्याला अमेरिकेत २०११ मध्ये मंजुरी मिळाली. अर्थात प्रत्येक गोगलगायीत औषध दडलेलं असतं असं नव्हे, आणि तेवढ्यासाठीच त्यांना मोजायचं असंही नाही.

मोजायचं खरं कारण त्यांच्या जेवणात आहे. या गोगलगायी खाण्याच्या बाबतीत कमालीच्या हट्टी असतात. अनेक जाती एका विशिष्ट प्रकारचा स्पंज किंवा एका विशिष्ट गटातले डंखधारी जीवच खातात. तो स्पंज खडकावर नसेल तर ती गोगलगायही तिथे फार दिवस नसणार. शिवाय त्यांचं आयुष्य छोटं असतं, बऱ्याच जातींचं वर्षभराहूनही कमी. अंड्यांतून निघालेली पिल्लं पाण्याच्या प्रवाहाबरोबर तरंगत दूर जातात आणि जिथे तापमान, खडक, खाणं जुळेल तिथे स्थिरावतात. म्हणजे समुद्रात बदल झाला की या प्राण्यांची हजेरी लवकर बदलते. वडाचं झाड दुष्काळातही बरीच वर्षं उभं राहतं, पण आळूची पानं दोन दिवसांत माना टाकतात. समुद्री गोगलगायी आळूच्या जातकुळीतल्या.

हे अमेरिकेच्या पश्चिम किनाऱ्यावर दिसलेलं आहे. २०१५ च्या सुरुवातीला 'हॉपकिन्स रोझ' नावाची गर्द गुलाबी गोगलगाय, जी एरवी दक्षिणेकडच्या उबदार पाण्यात जास्त असते, ती उत्तर कॅलिफोर्नियाच्या खडकांवर मोठ्या संख्येने दिसू लागली. तेव्हा तिथला समुद्र नेहमीपेक्षा बराच तापलेला होता. ही घटना विलक्षण आहे हे संशोधकांना लगेच कळलं, कारण त्या खडकांवर आधीच्या कित्येक वर्षांच्या मोजण्या वहीत होत्या. वही नसती तर 'अरे वा, काय सुंदर गुलाबी किडा' एवढ्यावरच विषय संपला असता.

आपली वही किती भरली आहे?

अगदी कोरी नाही. सर वॉल्टर एलियट या मद्रासच्या ब्रिटिश अधिकाऱ्याने पूर्व किनाऱ्यावर गोळा केलेल्या नुडिब्रँकांवर अ‍ॅल्डर आणि हँकॉक यांनी १८६४ मध्ये लिहिलं. त्यातल्या एकीचं नाव 'कलिंगा'. आपल्या बाजूला १९४६ मध्ये विंकवर्थ यांनी मुंबईच्या किनाऱ्यावरच्या एका गोगलगायीचं वर्णन केलं. सुरुवातीला उल्लेख आला ती हीच. आज ती गोनिओब्रँकस बॉम्बेयानस म्हणून ओळखली जाते. शहराचं नाव बदललं तरी शास्त्रीय नाव बदलत नाही, त्यामुळे खडकावर 'बॉम्बे' शिल्लक आहे.

खरी गती आली ती २००० नंतर. बॉम्बे नॅचरल हिस्टरी सोसायटीच्या दीपक आपटे यांनी २००९ मध्ये लक्षद्वीपची यादी प्रसिद्ध केली. तीत लक्षद्वीपसाठी ५२ आणि संपूर्ण भारतासाठी ४० नव्या नोंदी होत्या. २०१० मध्ये कच्छच्या आखाताची यादी आली, भारतासाठी २० नव्या नोंदी. २०११ मध्ये विशाल भावे आणि आपटे यांनी रत्नागिरीच्या किनाऱ्याची यादी दिली, तीत भारतासाठी आठ नव्या नोंदी.

हे आकडे वाचून पहिली प्रतिक्रिया अशी होते की लक्षद्वीप फारच समृद्ध आणि रत्नागिरी त्या मानाने गरीब. लक्षद्वीपला प्रवाळ बेटं आहेत, तिथे विविधता जास्त असणारच, हे खरं. पण आकड्यांत आणखी एक गोष्ट लपली आहे. जिथे कुणीतरी नेटाने बसून शोधलं, तिथे तिथे देशासाठी नव्या नोंदी निघाल्या. रत्नागिरी हे काही अनोळखी बंदर नाही. तिथे मत्स्य महाविद्यालय आहे, कॉलेजं आहेत, सागरी संशोधनाची जुनी परंपरा आहे. तरी २०११ मध्ये आठ जाती अशा निघाल्या, ज्या भारताच्या कुठल्याच यादीत नव्हत्या.

याचा सरळ अर्थ असा की आज महाराष्ट्राच्या किनाऱ्याचा समुद्री गोगलगायींचा जो नकाशा बनेल, तो बऱ्याच अंशी शोधणाऱ्या माणसांचा नकाशा असेल. रत्नागिरीवर ठिपके दाट, कारण तिथे संशोधक फिरले. मुंबईवर ठिपके दाट, कारण २०१७ पासून 'मरीन लाइफ ऑफ मुंबई' या गटाने हाजी अली, गिरगाव, जुहू, वांद्रे अशा ठिकाणी लोकांना ओहोटीत खडकांवर नेऊन प्राणी दाखवायला आणि त्यांच्या नोंदी आयनॅचरलिस्ट या संकेतस्थळावर टाकायला सुरुवात केली. दोन ठिपक्यांच्या मध्ये जी रिकामी जागा दिसते, तिथे प्राणी नाहीत की तिथे कुणी गेलं नाही, हे नकाशा सांगत नाही.

खुद्द किनाऱ्याचंही असंच झालं आहे. भारताला ७,५१६ किलोमीटरचा समुद्रकिनारा आहे, असं पिढ्यान् पिढ्या पाठ केलं गेलं. अलीकडे अधिक बारकाईने मोजल्यावर हा आकडा ११,०९८ किलोमीटरवर गेला. किनारा वाढला नाही, मोजपट्टी बारीक झाली.

रिकामी जागा महागात का पडते?

एखादा मोठा प्रकल्प किनाऱ्यावर येतो तेव्हा पर्यावरणीय आघात मूल्यांकनाचा अहवाल बनतो. २००६ च्या अधिसूचनेनुसार चालणाऱ्या या प्रक्रियेत आधाररेषेची माहिती, म्हणजे प्रकल्पाआधी तिथे काय होतं हे, बहुतेक वेळा पावसाळा सोडून एका हंगामाचं गोळा केलं जातं. वर्षातले काही आठवडेच खडकावर दिसणाऱ्या प्राण्यासाठी ही पद्धत किती तोकडी आहे ते वेगळं सांगायला नको. टीम गेली, त्या दिवशी गोगलगाय नव्हती, यादीत नाव नाही. पुढे तीच यादी 'इथे काही विशेष नव्हतं' म्हणून वाचली जाते.

कायद्याची नजरही विशिष्ट गोष्टींवरच पडते. २०१९ च्या सीआरझेड अधिसूचनेत सर्वाधिक संरक्षण असलेल्या 'एक-अ' वर्गात कांदळवनं, प्रवाळ, वाळूच्या टेकड्या, कासवांच्या विणीच्या जागा, समुद्री गवत यांची नावं आहेत. भरती-ओहोटीतला साधा खडकाळ किनारा त्या यादीत स्वतंत्रपणे नाही, तो खालच्या 'एक-ब' वर्गात येतो. वन्यजीव संरक्षण कायद्यात मृदुकाय प्राण्यांची नावं आहेत, पण ती नॉटिलस, ट्रायटन, मोठे शिंपले अशा शंख-शिंपल्यांची. ज्यांची शोभेसाठी विक्री होते त्यांना कायदा ओळखतो. जिला शंखच नाही, तिची तस्करी होत नाही, म्हणून तिचं नावही नाही.

मुंबईच्या कोस्टल रोडच्या वेळी हा फरक डोळ्यांसमोर घडला. वरळी आणि हाजी अलीच्या खडकांवर प्रवाळ सापडले. प्रवाळ कायद्याच्या पहिल्या अनुसूचीत असल्यामुळे परवानगी घ्यावी लागली आणि २०२० मध्ये राष्ट्रीय समुद्रविज्ञान संस्थेच्या देखरेखीखाली त्यांचं स्थलांतर झालं. ते प्रवाळ तिथे आहेत हे आधी नोंदवलं गेलं होतं, म्हणून हे घडलं. ज्या नागरिकांनी आणि अभ्यासकांनी फोटो-नोंदी केल्या त्यांचा त्यात वाटा होता. त्याच खडकावरच्या स्पंजांना, त्यावर जगणाऱ्या गोगलगायींना मात्र कुणाची परवानगी लागली नाही. हे प्राणी एकमेकांवाचून जगत नाहीत, पण कागदावर ते वेगवेगळे आहेत.

आता पुढचं मोठं ठिकाण म्हणजे पालघरमधलं वाढवण. जून २०२४ मध्ये केंद्रीय मंत्रिमंडळाने या बंदराला मंजुरी दिली, खर्च ७६,२२० कोटी रुपये. समुद्रात १,४४८ हेक्टरवर भराव आणि १०.१४ किलोमीटरची लाटरोधक भिंत. ऑगस्ट २०२४ मध्ये भूमिपूजन झालं. स्थानिक मच्छीमारांचा विरोध जुना आहे आणि त्यांच्या मुद्द्यांचा गाभा हाच आहे की हा खडकाळ पट्टा माशांच्या वाढीची जागा आहे. बंदर व्हावं की नाही हा रोजगार, व्यापार, मासेमारी आणि न्यायालयांचा मोठा विषय आहे. एखादी सात मिलीमीटरची गोगलगाय सापडली म्हणून तो सुटणार नाही आणि तशी अपेक्षा करणंही भाबडेपणाचं. पण भरावाखाली खडक गेला की त्यावर काय होतं हे नंतर कुणालाच मोजता येत नाही. भराव पडण्याआधीची प्रत्येक ओहोटी ही शेवटच्या काही संधींपैकी एक आहे. नुकसान किती झालं, आजूबाजूच्या खडकांवर काय परिणाम झाला, भरपाई कशाची मागायची, या सगळ्या प्रश्नांना 'आधी काय होतं' हे लागतं.

वादळांचंही तसंच. जून २०२० मधल्या निसर्ग चक्रीवादळाने रायगड आणि रत्नागिरीचं कंबरडं मोडलं, मावळातही घरांचे पत्रे उडाले, पॉलीहाऊस जमीनदोस्त झाली. पॉलीहाऊसचा पंचनामा झाला, कारण आधी किती होती ते सातबाऱ्यावर, कर्जाच्या कागदावर होतं. खडकांवरच्या जीवसृष्टीचा पंचनामा करायचा तर तिचा सातबारा हवा.

नोंद म्हणजे नुसता फोटो नव्हे

इथे पक्षीनिरीक्षकांकडून शिकण्यासारखं आहे. पवना धरणावर पक्षी बघायला जाणारा माणूस ई-बर्डवर यादी टाकतो तेव्हा किती वेळ फिरला, किती अंतर चालला हेही लिहितो, आणि दिसलेले सगळे पक्षी टाकतो, फक्त दुर्मीळ नव्हे. अशा ३० हजारांहून अधिक लोकांच्या सुमारे तीन कोटी नोंदींवर २०२३ चा 'स्टेट ऑफ इंडियाज बर्ड्स' अहवाल उभा राहिला. चिमणी-कावळे लिहून ठेवणाऱ्या कंटाळवाण्या याद्यांमुळेच कुठला पक्षी कमी होतोय ते सांगता आलं.

समुद्री गोगलगायींच्या बाबतीत ऑस्ट्रेलियात हेच केलं. डिसेंबर २०१३ मध्ये पोर्ट स्टीफन्सच्या नेल्सन बे इथे सदर्न क्रॉस विद्यापीठाच्या पुढाकाराने 'सी स्लग सेन्सस' सुरू झाला. ठरलेल्या दिवसांत, ठरलेल्या भागात स्वयंसेवक शोधतात, फोटो देतात, तज्ज्ञ ओळख पटवतात, आणि काही महिन्यांनी पुन्हा तेच. नव्या ठिकाणी दिसलेल्या जातींची नोंद त्यातून होत गेली.

आपल्याकडे याला लागणारी साधनं फारशी महाग नाहीत. पहिलं साधन पंचांग. कोकणात जुना हिशेब आहे: तिथीची पाऊणपट केली की भरतीची वेळ मिळते. द्वितीयेला दीड, म्हणजे दीड वाजता भरती, आणि ओहोटी त्याच्या सुमारे सहा तास पुढे-मागे, साडेसातच्या आसपास. पौर्णिमा-अमावास्येच्या उधाणात पाणी जितकं वर चढतं तितकंच खाली उतरतं, त्यामुळे त्यानंतरच्या दोन-तीन सकाळी एरवी बुडालेला खडक उघडा पडतो. भांगाच्या दिवसांत गेलात तर फार काही हाती लागणार नाही. मोबाइलवर भरतीचं वेळापत्रक मिळतंच, पण हा हिशेब रेंज नसतानाही चालतो.

मग खडकावर काय बघायचं? पहिल्या भेटीत बहुतेकांना दिसते ती पेरोनिया. राखाडी-तपकिरी, चामखिळींनी भरलेली, खडकाच्याच रंगाची. ती हवेत श्वास घेते आणि रंगीत नुडिब्रँकांपेक्षा वेगळ्या शाखेतली आहे. तिच्यावर फार कुणी रील बनवत नाही, पण नोंद तिचीही करायची. बाकीच्या जाती खळग्यांतल्या पाण्यात, दगडांच्या कडेला, स्पंजांवर असतात. अनेकदा आधी अंडी दिसतात, पांढऱ्या किंवा पिवळ्या फितीची गुंडाळी असते तशी, आणि मग जवळपास मालकीण सापडते.

फोटोबरोबर तारीख, वेळ, नेमकी जागा, ती कशावर बसली होती, आणि आकार कळावा म्हणून शेजारी पट्टी. प्राणी उचलायचा नाही, बाटलीत भरायचा नाही. दगड उलटला तर तो तसाच परत ठेवायचा, कारण त्याच्या खालच्या बाजूचं सगळं जग उन्हात मरतं. कालवांच्या कडा पाय कापतात, शेवाळ घसरवतं, आणि भरती वळायच्या आत परतायचं, ही खबरदारी वेगळी. आणखी एक: दुर्मीळ गोगलगाय सापडली म्हणून त्याच खळग्याभोवती पन्नास जण जमले तर त्या खडकाचं काय होतं हे हाजी अलीला फिरायला नेणाऱ्यांना चांगलं माहीत आहे. नोंद अचूक जागेसह संकेतस्थळावर टाका, रीलमध्ये फक्त तालुका पुरे.

फोटोवरून सगळं ओळखता येत नाही, हेही समजून घ्यायला हवं. दिसायला जुळ्या असलेल्या जाती दातांच्या पट्टीवरून आणि डीएनएवरून वेगळ्या निघतात. २०२० मधल्या क्रॅटेनाच्या दोन जाती शरीररचना आणि डीएनए असं दोन्ही तपासूनच निश्चित झाल्या. म्हणजे हौशी माणसाच्या फोटोमागे शेवटी वर्गीकरण जाणणारा अभ्यासक लागतो. असे लोक देशात मोजकेच आहेत आणि त्यांच्या नोकऱ्या त्याहून मोजक्या. किनाऱ्यावरच्या प्रत्येक कॉलेजच्या प्राणिशास्त्र विभागाने आपल्या जवळचा एक खडक निवडून दर महिन्याला, तीच जागा, तेवढाच वेळ, असं पाच वर्षं मोजलं तर डहाणूपासून वेंगुर्ल्यापर्यंतच्या बऱ्याच रिकाम्या जागा भरतील. त्याला कोट्यवधींचा निधी लागत नाही. बदली, परीक्षा आणि सुट्ट्यांमध्येही खंड न पडू देणारा एखादा शिक्षक लागतो.

आणि ज्या दिवशी दोन तास फिरून एकही गोगलगाय दिसली नाही, त्या दिवशीही यादी भरायची. 'दोन तास, शून्य' अशी.